प्रश्न विचारा, पण मग ऐका!

“एका बाईने नट-नट्यांशी हसून गप्पा मारल्या, यात कर्तृत्व ते काय?” असे विचारणारे शहाणे आपल्याकडे पुष्कळ आहेत. दिवाळीच्या फराळावर वाद घालू नये म्हणतात. तरी आज मला या शहाण्यांशी दोन हात करायचे आहेत.

ही बाई म्हणजे तबस्सुम. जन्म १९४४ चा, मुंबईचा. ‘बेबी तबस्सुम’ म्हणून पडद्यावर आल्या. ‘बैजू बावरा’त (१९५२) मीनाकुमारीच्या नायिकेचे बालपण त्यांनीच रंगविले. १९७२ साली मुंबई दूरदर्शन सुरू झाले आणि त्यांच्या ‘फूल खिले हैं गुलशन गुलशन’चा संसार तेथे मांडला गेला. तो १९९३ पर्यंत टिकला. त्यातच ‘गृहलक्ष्मी’ मासिकाचे संपादन, १९८५ साली ‘तुम पर हम कुर्बान’ची निर्मिती आणि दिग्दर्शनही, आणि म्हातारपणी यूट्यूबवर ‘तबस्सुम टॉकीज’! १८ नोव्हेंबर २०२२ रोजी त्या गेल्या.

एकवीस वर्षे म्हणजे किती, हे आम्हा मास्तरांना विचारा. बापाला बाराखडी शिकविली, त्याच फळ्यासमोर त्याची लेक येऊन बसते. इतका काळ लोकांच्या घरात नेमाने जायचे आणि कुणाला नकोसे व्हायचे नाही, हे नुसत्या हसण्याने साधत नाही. पाहुण्याला मान द्यावा, नेमके विचारावे, आणि मग गप्प बसावे. यातले शेवटचे सर्वांत अवघड!

त्यांच्यासमोर बसली ती मुख्यतः सिनेमाची माणसे, हा आक्षेप मला मान्य आहे. परंतु दोष खुर्चीवर बसणाऱ्याचा की बसविणाऱ्याचा? आणि आज काय चालले आहे? सहा-सहा जणांना एका चौकटीत कोंबायचे, प्रश्न विचारायचा आणि उत्तराच्या आत ओरडायचे. याला म्हणे चर्चा! आमच्या शाळेत याला गोंगाट म्हणतात, आणि त्याबद्दल बाकावर उभे करतात.

आता आमच्या मुलखाकडे या. राज्याला वीज पुरविणारे मोठे केंद्र आमच्या चंद्रपुरात. पण त्या विजेवर चालणारा कॅमेरा आमच्याकडे येतो केव्हा? गडचिरोलीत चकमक झाली, ताडोबाच्या कडेला वाघाने माणूस मारला, की गाड्या धुरळा उडवीत येतात. नवरा गमावलेल्या बाईच्या तोंडापुढे दांडके धरून “कैसा लग रहा है?” विचारतात. तिचे उत्तर माडियात वा झाडीबोलीत आले, की दांडके पुढे सरकते. मोहफुले कधी वेचावी, तेंदूपत्त्याचा भाव कोण ठरवितो, हे तिला ठाऊक असते. ते विचारायला सवड कुणाला?

दिवाळी सरली, की झाडीपट्टीत नाटकांचा हंगाम सुरू होतो. वडसा हे त्याचे माहेरघर. रात्रभर माणसे थंडीत बसून नाटक पाहतात. येथल्या परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली, तेव्हा कॅमेरे धावले. त्याआधीची त्यांची कित्येक वर्षे रंगभूमीवरच गेली होती ना?

ऐकण्याची कला शिकायला दूर जायला नको. धानोरा तालुक्यातील मेंढा गावाला २००९ साली सामूहिक वनहक्क मिळाला. त्या गावात निर्णय मतमोजणीने होत नाहीत. सर्वांचे एकमत होईपर्यंत ग्रामसभा बोलते आणि ऐकते. तेथे कुणी कुणाचे वाक्य तोडून बातमी करीत नाही.

म्हणून वाहिन्यांच्या मालकांना माझे रोखठोक सांगणे आहे. आम्हाला तुमची कणव नको, धावती भेटही नको. एक निवेदक द्या. तो येथल्याच मातीतला असावा, गोंडी-माडिया जाणणारा असावा, आणि त्याला एका हंगामाची नव्हे, एकवीस वर्षांची मुदत द्या. नट-नट्यांना एवढा वेळ मिळाला. जंगल राखणाऱ्यांचा तेवढाही हक्क नाही काय?