चार भिंती नसलेल्यांचे काय?

६ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सज्ञानांचे संमतीने होणारे समलिंगी संबंध दंडविधानाच्या ३७७ व्या कलमातून वगळले, तेव्हा सुशिक्षित समाजातील अनेकांनी त्या निकालाचे मनापासून स्वागत केले. दोन सज्ञान माणसांच्या चार भिंतींआड सरकारने डोकावू नये, हा विचार पटण्यासारखाच होता. परंतु ज्याला चार भिंतीच मिळत नाहीत, त्याने या हक्काचे करावे काय?

हा प्रश्न तृतीयपंथीयांचा आहे. एलजीबीटीक्यू या अक्षरमालेत त्यांचे अक्षर चौथे. पण राजदंडाचा उघड फटका त्यांनीच सोसला. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याखाली इंग्रज सरकारने उत्तर हिंदुस्थानात हिजड्यांच्या नोंदवह्या उघडल्या आणि नोंद झालेल्याने स्त्रीवेषात रस्त्यावर येणे हाच अपराध ठरविला. समलिंगी माणसाला आपले मन लपवावे लागे, हे दुःख लहान नव्हे. पण तृतीयपंथीयाला लपण्याचीही सोय नव्हती. ‘प्रेम कोणावर करावे’ हा एकाचा प्रश्न, ‘मी कोण’ हा दुसऱ्याचा. दोघांच्या पाठीवरचा दंडुका मात्र एकच, म्हणून त्यांची सोबत स्वाभाविक आहे. परंतु मिरवणुकीत पुढे आणि मागण्यांच्या यादीत मागे, ही सोबत नव्हे.

१५ एप्रिल २०१४ च्या निकालाने स्वतःची लिंगओळख स्वतः ठरविण्याचा तृतीयपंथीयांचा हक्क मान्य केला. त्या खटल्यात ठाण्याच्या लक्ष्मी नारायण त्रिपाठी यांनीही आपली बाजू मांडली होती. शिक्षणात व नोकऱ्यांत राखीव जागा देण्याचा आदेशही न्यायालयाने दिला. २०१९ मध्ये संसदेने कायदा केला. त्यात राखीव जागांचे नाव नव्हते, आणि तृतीयपंथीयावरील लैंगिक अत्याचाराला शिक्षा ठेवली सहा महिने ते दोन वर्षे! स्त्रीवरील बलात्काराला त्या वेळी किमान दहा वर्षांची सक्तमजुरी होती. एका देहाची विटंबना दुसऱ्याहून इतकी स्वस्त कशी?

त्याचा जाब सरकारला विचारलाच पाहिजे. पण खोली भाड्याने देणारे आणि कचेरीत माणसे नेमणारे आपणच आहोत. २०११ च्या शिरगणतीत स्त्री-पुरुषांखेरीज ‘इतर’ म्हणून ४,८७,८०३ माणसांची नोंद झाली. त्यांतील एकाने उद्या आपल्या दारी आशीर्वाद देण्यासाठी नव्हे, तर खोली मागण्यासाठी पाऊल ठेवले, तर आपण काय उत्तर देणार? आपल्या उदारपणाची खरी परीक्षा तेथेच आहे.