चौकोनी पुरळ

अम्मींचे पित्ताशयाचे ऑपरेशन दुर्बिणीतून झाले. दुसऱ्या दिवशी घरी आल्या आणि तिसऱ्या दिवशी पट्टीभोवती खाज सुटली. भेटायला आलेल्या खालांनी लगेच निकाल दिला, "अंडं खाल्लं असणार!" झाले, अंडे बंद, मासे बंद. वांगे तर आधीपासूनच बंद होते. जखम भरायला जी प्रथिने लागतात, तीच आम्ही ताटातून काढून घेतली.

दोन दिवसांनी पट्टी बदलताना सिस्टरांनी दाखवले, पुरळ अगदी चौकोनी होते, चिकटपट्टीच्या मापाचे. टाक्यांची जागा मात्र कोरडी, स्वच्छ. पट्टीचा चिकट पदार्थ कातडीला सोसला नाही की एक-दोन दिवसांनी असे उठते. पट्टी बदलली, डॉक्टरांनी मलम दिले, आठवड्यात उतरले. ताप, पू, वाढता ठणका असता तर तो संसर्ग समजून लगेच दाखवावे लागले असते. अंगभर पुरळ उठले तर अँटिबायोटिकचाही संशय घ्यावा. ते कधी कधी आठवड्यानेसुद्धा उठते. आणि ओठ-जीभ सुजली, श्वास लागला, तर कोणाचा सल्ला न घेता तडक दवाखाना.

आता आमची चूक. भरतीच्या फॉर्मवर 'अ‍ॅलर्जी' असा रकाना होता. आम्ही मास्तर माणूस, फॉर्म भरण्यात पटाईत, 'नाही' लिहून मोकळे झालो. मागच्या ईदला काळ्या मेंदीने अम्मींच्या हातावर फोड आले होते, पण मेंदी म्हणजे काही औषध नव्हे, असे वाटले. साध्या मेंदीच्या पानात नसलेले पीपीडी नावाचे रसायन काळ्या मेंदीत घालतात, केसांच्या डायमध्येही असते. ते एकदा बाधले की त्याच्या जातकुळीतली काही औषधे, जसे बेन्झोकेनचे बधिर करणारे मलम, बाधू शकतात. डॉक्टर म्हणाले, "सर, हे आधी सांगायचं होतं." आम्ही खाली पाहिले.

खालांचा आणखी एक समज: कोळंबी बाधते त्याला आयोडीनही बाधणार. तसे नाही. कोळंबी बाधते ती तिच्यातल्या प्रथिनामुळे.

आता अम्मींच्या बटव्यात एक चिठ्ठी आहे. काय लावले, कधी, काय झाले, एवढेच. डॉक्टरांसाठी मराठीत लिहिली होती. अम्मींनी ती परत दिली, "मागच्या बाजूला उर्दूतही लिही. माझ्या अंगाची गोष्ट, मला वाचता नको यायला?"