सहीपुरती शहाणी

2011 साली आमच्या भावकीतल्या एका पोरीनं परजातीतल्या पोराशी रजिस्टर लग्न केलं. देवळात बैठक बसली. ‘पोरगी अजाण, तिला फूस लावली,’ असं ठरलं आणि तिच्या भावाचं घर वाळीत पडलं. माझी-त्याची सावड होती. त्या साली मी बैल दिले नाहीत. त्याची पेरणी आठ दिवस मागं पडली. पाप माझंच, म्हणून सांगतो.

आता गंमत बघा. बाप वारल्यावर, वर्षभर आधीच, ह्याच पोरीला तालुक्याला नेऊन हक्कसोडपत्रावर सही घेतली होती. साक्षीदार मीच! तेव्हा ती अजाण आहे, असं एकानंही म्हटलं नाही. जमीन सोडताना शहाणी, नवरा निवडताना अजाण?

कायदा सरळ आहे. मुलगी 18 ची, मुलगा 21 चा झाला की आईबापाची संमती लागत नाही. 1954 च्या विशेष विवाह कायद्याला जात-धर्म आडवे येत नाहीत. दोन सज्ञानांच्या लग्नात पंचायतीनं पडू नये, हे सुप्रीम कोर्टानं 2018 साली बजावलंय. वाळीत टाकलं तर आपल्या राज्यात तीन वर्षांपर्यंत कैद आहे.

‘आईबापाच्या जिवाला लागत नाही का?’ लागतं की. रडा, भांडा, चार वर्षं बोलू नका. पण त्यासाठी गाव कशाला बसवता?

पुन्हा बैठक बसली तर मी जाणार. हक्कसोडपत्राची नक्कल खिशात घेऊन.