द्विपद प्रमेय आणि आम्ही कला शाखेवाले

कला शाखेच्या विद्यार्थ्याने गणितावर लिहावे, हे काहींना आगाऊपणाचे वाटेल. बी.ए.ला आलो म्हणजे गणिताची कटकट कायमची सुटली, अशी आपल्या वर्गात सर्वसाधारण समजूत आहे आणि ती प्राध्यापकवर्गालाही फारशी अमान्य नसावी. 'गणित जमत नाही म्हणून आर्ट्स' हे वाक्य प्रवेशाच्या रांगेत आपल्यापैकी बहुतेकांनी ऐकलेले आहे. माझे म्हणणे नेमके याच्या उलट आहे. बीजगणितातले द्विपद प्रमेय भाषा शिकणाऱ्याच्या फार जवळचे आहे. ते आपल्यापासून तोडले गेले, यात आपले नुकसान झाले आणि विज्ञान शाखेच्या मुलांचे तर त्याहून अधिक झाले.

प्रमेयाचा विषय साधा आहे. अ आणि ब या दोन पदांच्या बेरजेचा वर्ग, घन, चौथा घात असे करत गेले, तर विस्तारात कोणत्या पदाला कोणता सहगुणक लागेल, एवढाच प्रश्न. वर्गात १, २, १ येतात. घनात १, ३, ३, १. चौथ्या घातात १, ४, ६, ४, १. अकरावीत यासाठी एक लांबलचक सूत्र देतात. मुले ते घोकतात आणि परीक्षेत उतरवतात. गुण मिळतात, हेही खरे. परंतु चौथ्या घातात मधोमध ६ च का आला, असे विचारले तर उत्तर येत नाही.

आता गणिताची वही मिटून मराठीची उघडू. वृत्ते शिकताना 'यमाताराजभानसलगा' आपण सर्वांनी पाठ केले. य, म, त, र, ज, भ, न, स असे आठ गण. गण आठच का, सात किंवा नऊ का नाहीत? प्रत्येक गणात तीन अक्षरे आणि प्रत्येक अक्षर लघू किंवा गुरू. म्हणजे दोन गुणिले दोन गुणिले दोन, आठ. आता हे आठ गण गुरूंच्या संख्येप्रमाणे वेगळे करून पाहावेत. एकही गुरू नसलेला गण एकच, न. एक गुरू असलेले तीन: भ, ज आणि स. दोन गुरू असलेले तीन: य, र आणि त. तिन्ही गुरू असलेला एकच, म. संख्या आल्या १, ३, ३, १. घनाच्या विस्तारातले सहगुणक ते हेच.

हा योगायोग नव्हे. (ल + ग) हा कंस तीन वेळा लिहून गुणाकार करणे म्हणजे प्रत्येक कंसातून ल किंवा ग यांपैकी एक अक्षर उचलत जाणे. सगळ्या तऱ्हेने उचलून झाले की उत्तर येते: ललल + ३ ललग + ३ लगग + गगग. मधला ३ म्हणजे, दोन लघू आणि एक गुरू असलेला गण तीन तऱ्हांनी करता येतो, इतकेच. चार अक्षरे घेतली आणि त्यांत दोन गुरू बसवायचे ठरवले तर गगलल, गलगल, गललग, लगगल, लगलग, ललगग अशा सहा तऱ्हा होतात. चौथ्या घातातल्या ६ चा उलगडा हा असा आहे. त्याला कागद, पेन्सिल आणि पाच मिनिटे लागतात.

हे माझ्या डोक्यातून निघालेले नाही. पिंगलाच्या छंदःशास्त्रात लघू-गुरूंच्या प्रस्ताराचा विचार आहे. त्यातली सूत्रे इतकी त्रोटक आहेत की भाष्याशिवाय ती उमगणे कठीण. दहाव्या शतकात हलायुधाने 'मृतसंजीवनी' या आपल्या टीकेत त्यांचा खुलासा करताना मेरुप्रस्तार सांगितला. वर एक घर, त्याखाली दोन, त्याखाली तीन, अशी घरांची डोंगरासारखी उतरंड. कडेच्या घरांत १ लिहायचा आणि आतल्या प्रत्येक घरात वरच्या दोन घरांची बेरीज. पाठ्यपुस्तकात पास्कलचा त्रिकोण म्हणून जो छापतात, तो हाच.

बेरीजच का करायची, हेही अक्षरांनीच कळते. पाच अक्षरांत दोन गुरू हवे आहेत असे समजा. शेवटचे अक्षर लघू असेल, तर आधीच्या चार अक्षरांत दोन गुरू हवेत. त्या तऱ्हा ६. शेवटचे गुरू असेल, तर आधीच्या चारांत एकच गुरू हवा. त्या तऱ्हा ४. सहा आणि चार, दहा. पाचव्या घाताची ओळ १, ५, १०, १०, ५, १ अशी असते, ती पाहावी.

आमच्या घरात महाविद्यालयाची पायरी चढणारा मी पहिला. माझ्यामागे धाकटी बहीण गावाकडे अकरावी विज्ञानला आहे. तिने एका रात्री फोनवर विचारले, "दादा, हे सूत्र आलं कुठून? सर म्हणतात, पाठ करा, मार्क हमखास." आईवडिलांना ती विचारू शकत नाही, मी बी.ए.चा का होईना, पण कॉलेजात आहे, म्हणून मला विचारले. मी तिला गण मांडायला सांगितले. दहा मिनिटांनी ती म्हणाली, "मग हे आधी का नाही सांगत?" याचे उत्तर मला देता आले नाही. ज्याच्या घरी शिकवणीला पैसे आहेत किंवा विचारायला शिकलेले माणूस आहे, त्याला वर्गात 'पाठ करा' म्हटले तरी भागते. कारण तो घरी जाऊन कारण विचारतो. ज्याच्या घरी कोणी नाही, त्याच्यासाठी वर्गातला तास हाच पहिला आणि शेवटचा. 'पाठ करा' हा सल्ला सर्वांत महाग त्यालाच पडतो. पुढे तो मुलगा गणित सोडतो आणि आपण म्हणतो, त्याला गणित जमत नाही.

भास्कराचार्यांना अशी तोडातोड करावीशी वाटली नव्हती. ११५० च्या सुमारास लिहिलेल्या 'लीलावती'त त्यांनी सहा अक्षरी चरणाच्या गायत्री छंदाचे भेद, आठ दारांचा महाल आणि सहा रसांची मिश्रणे ही उदाहरणे एकाच रीतीने सोडवली आहेत. सहा अक्षरांत एक, दोन, तीन असे गुरू बसवण्याच्या तऱ्हा ६, १५, २०, १५, ६, १. गोड, आंबट, खारट, तिखट, कडू, तुरट यांतून एक, दोन, तीन असे रस निवडण्याच्या तऱ्हाही ६, १५, २०, १५, ६, १. कवी, गवंडी आणि वैद्य या तिघांचे गणित एकच निघाले. या भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने मठ स्थापन केला, असे सांगणारा शिलालेख चाळीसगावजवळ पाटण येथे आहे. आपल्यापैकी किती जणांनी तो पाहिला असेल?

अर्थात येथे एका मोहापासून सावध राहिले पाहिजे. 'सगळे आमच्याकडे आधीच होते' अशी भाषणे आपण पुष्कळ ऐकतो आणि ती ऐकून कोणी मेरूची एक ओळही मांडत नाही. हलायुधाने अक्षरे मोजली. दोन पदांच्या बेरजेचा कोणताही घात असे सर्वसाधारण प्रमेय त्याने मांडले नाही. इ.स. १००० च्या आसपास अल् करजीने ते सहगुणक बीजगणितात आणले. चीनमध्ये यांग हुईच्या १२६१ च्या ग्रंथात तोच त्रिकोण आहे. पास्कलचा प्रबंध त्याच्या मृत्यूनंतर १६६५ मध्ये छापला गेला. न्यूटनने त्याच सुमारास घातांक अपूर्णांक असला तरी विस्तार करता येतो, फक्त तो कधी संपत नाही, हे शोधले. आणि अर्ध्या अक्षराचे वृत्त नसल्यामुळे तेथे आपल्या छंदःशास्त्राचा हात सुटतो. आपल्याकडेही सगळे काव्य या मेरूत बसत नाही. ओवी आणि अभंग यांना लघू-गुरूचे बंधन नाही. जात्यावर ओव्या म्हणणाऱ्या बायांचे प्रस्तारावाचून काही अडले नाही.

तेव्हा माझे म्हणणे अभिमानाचे नसून सोयीचे आहे. २०१९ साली आलेल्या अकरावीच्या पुस्तकाच्या नावातच 'गणित आणि संख्याशास्त्र' यापुढे 'कला आणि विज्ञान' असे दोन्ही शाखांचे नाव होते, आणि त्यातही आपले आधी. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने दुसऱ्या शाखेचा विषय घेण्याची मुभा दिली. पण ती वापरताना आपण काय करतो? ज्या विषयाला अभ्यास कमी आणि गुण जास्त, तो घेतो. महाविद्यालयही जे शिकवायला सोपे तेच पुढे ठेवते. मराठी विभाग आणि गणिताचे अध्यापक यांनी मिळून 'छंद आणि गणित' असा एक छोटा अभ्यासक्रम ठेवला तर त्याला प्रयोगशाळा लागणार नाही, उपकरणे लागणार नाहीत. फळा आणि खडू पुरे. विज्ञानच्या मुलांना सहगुणकांचे कारण कळेल आणि आपल्याला वृत्तांची नावे घोकण्यापलीकडे काही सापडेल. गुरुजनांपैकी कोणी 'विद्यापीठाची मान्यता कोण आणणार?' असे विचारतील, हे मला ठाऊक आहे. मान्यता येईपर्यंत शनिवारचे दोन तास मिळाले तरी चालतील.

दरम्यान मराठी विभागाच्या भित्तिपत्रकात मी आठ अक्षरांपर्यंतचा मेरू काढून लावला आहे. शेवटच्या ओळीतली तीन घरे मुद्दाम कोरी ठेवली आहेत. त्या ओळीची एकूण बेरीज २५६ यायला हवी. खाली दोऱ्याने पेन्सिल बांधली आहे.