खान्देशातली बेटं: होडी कुठे आहे?

काल्पनिक बेटांच्या गोष्टी आपल्याकडे भारी चालतात. सिनेमात, वेब सिरीजमध्ये, मोबाईल गेममध्ये. सातआठ बेटांची माळ, प्रत्येक बेटाला नाव, तिथली वेगळी माणसं, त्यांचा देव, त्यांची भाषा. जळगाव-धुळ्याच्या गल्लीतल्या पोरांना हे नकाशे तोंडपाठ असतात. त्याच पोरांना विचारा, "आपल्या खान्देशात बेटं आहेत का रे?" हसतील. समुद्र कुठे अन् धुळं कुठे!

पण आहेत, मित्रांनो. खरीखुरी आहेत, आणि त्यांच्यावर माणसं राहतात.

धुळे जिल्ह्याचे १ जुलै १९९८ रोजी दोन भाग झाले आणि नंदुरबार वेगळा जिल्हा झाला. त्या नंदुरबारच्या उत्तर टोकाला, सातपुड्याच्या पलीकडच्या उतारावर नर्मदा आहे. सरदार सरोवर धरणाचं पाणी अक्कलकुवा आणि धडगाव या दोन तालुक्यांतल्या ३३ गावांत शिरलं. मणिबेलीत तर १९९३ लाच घरं पाण्यात गेली. २०१७ मध्ये धरणाचे दरवाजे लागले, आणि सप्टेंबर २०१९ मध्ये पाणी पहिल्यांदा १३८.६८ मीटर या पूर्ण पातळीला पोचलं. दऱ्या भरल्या, नाल्यांच्या खाड्या झाल्या, डोंगरांचे माथे तेवढे वर राहिले. काही पाडे चारी बाजूंनी पाण्यात, काही तीन बाजूंनी पाणी आणि चौथीकडे उभा कडा. यालाच बेट म्हणतात ना?

तिथली माणसं म्हणजे भिल्ल आणि पावरा आदिवासी. त्यांची स्वतःची भाषा आहे, याहामोगी माता आहे, होळीचा असा सण आहे की आपली दिवाळी फिकी पडावी. गोष्टीतल्या बेटाला जे जे लागतं ते सगळं आहे. एकच गोष्ट नाही.

बघा, काल्पनिक बेटांची गोष्ट लिहिणारा लेखक आधी काय ठरवतो? या बेटावरून त्या बेटावर माणूस जाणार कसा, हे. होडी असेल, पूल असेल, नाहीतर उडता पक्षी तरी असेल. त्याशिवाय गोष्ट पुढेच सरकत नाही. आपल्या सरकारने खरी बेटं तयार केली, पण होडी लिहायची राहून गेली.

आता कोणी म्हणेल, तरंगता दवाखाना आहे की, बोट ॲम्ब्युलन्स आहे की. आहे, आणि त्यावर काम करणाऱ्या डॉक्टर-सिस्टरांना सलामच आहे. पण दवाखाना आपल्याकडे येणं वेगळं आणि आपल्याला रोज बाजारला, शाळेला, तहसीलला जाता येणं वेगळं. आपल्या गावात एसटी बंद पडली तर दोन दिवसांत रास्ता रोको होतो. तिथे एसटीच्या जागी खासगी बोट. डिझेलचे पैसे जमले तर निघणार, माणसं भरली तर निघणार. आणि मग भरतात ती जास्तच भरतात. २०१९ च्या जानेवारीत संक्रांतीच्या वेळी धडगाव तालुक्यात भूषाजवळ बोट उलटली, माणसं दगावली. चार दिवस बातम्या आल्या, पुढे आपण विसरलो.

२०२० साली कोरोनाच्या भीतीने पाड्यांवरच्या बाया-पोरं चिमलखेडीच्या अंगणवाडीत यायची थांबली, तेव्हा तिथल्या अंगणवाडी सेविका रेलू वसावे स्वतः होडी वल्हवत त्यांच्यापर्यंत गेल्या. जाऊन-येऊन १८ किलोमीटर. आपण सगळ्यांनी तो फोटो शेअर केला, "सॅल्यूट ताई" लिहिलं. पण अंगणवाडीताईने वल्हं का मारावं, हा प्रश्न किती जणांनी विचारला?

"मोबदला घेऊन खाली का नाही उतरले?" हाही प्रश्न येतो. बरेच उतरले, तळोद्याकडे वसले. पण ज्यांची जमीन पाण्याच्या वर राहिली आणि रस्ता पाण्याखाली गेला, ते कुठे जाणार? नर्मदा लवादाने १९७९ मध्येच सांगितलं होतं की आधी पुनर्वसन, मग पाणी. क्रम कोणी उलटा केला, ते बेटावरच्या माणसाला विचारून उपयोग नाही.

या धरणाच्या विजेतला २७ टक्के वाटा महाराष्ट्राचा आहे. धरणाच्या खालच्या बाजूला केवडियात २०२० पासून पर्यटकांसाठी एकता क्रूझ फिरते. म्हणजे याच नदीवर वेळेवर सुटणारी बोट चालवता येते. आपल्याच राज्यात कोयनेच्या शिवसागरात, तापोळा-बामणोलीकडे, सातारा जिल्हा परिषदेचा तराफा चालतो, गाड्यासुद्धा त्यावर चढतात. तिथे जमतं तर इथे का नाही?

मागणी साधी आहे. ठरलेल्या दिवशी, ठरलेल्या वेळेला, तिकिटावर सुटणारी सरकारी बोट. डिझेलची तरतूद बजेटमध्ये, कोणाच्या मेहेरबानीवर नाही. प्रत्येक सीटला लाइफ जॅकेट आणि बोटीची दरवर्षी तपासणी. आणि तरंगता धक्का. कारण पाणी उन्हाळ्यात उतरतं आणि काठाला गुडघा-गुडघा गाळ राहतो. सिमेंटचा पक्का धक्का बांधला तर अर्धं वर्ष पाणी त्याच्यापासून लांब. गरोदर बाईला त्या गाळातून झोळीत उचलून न्यायचं म्हणजे काय, ते नेणाऱ्यालाच माहीत.

विधानसभा मतदारसंघांच्या यादीत महाराष्ट्राचा १ नंबर म्हणजे अक्कलकुवा. निवडणुकीत मतदान यंत्रं आणि कर्मचारी त्या गावांत बार्जने बरोबर पोचतात. एक दिवसासाठी सगळी सोय होते. म्हणजे बोटही आहे, वाटही माहीत आहे, फक्त उरलेले दिवस राहिलेत.

जळगाव-धुळ्याचे आपण म्हणू, "आपले काय करनं शे?" तर एवढंच करा. या बेटांची नावं पोरांना सांगा: मणिबेली, चिमलखेडी, बामणी, डनेल, भूषा. आणि पुढच्या वेळी कोणताही पक्षाचा भाऊ, दादा, साहेब मत मागायला आला की खान्देशच्या विकासाचं भाषण संपल्यावर त्याला एकच विचारा: नर्मदेवरची बोट किती वाजता सुटते?