होमर आणि गोंडवनातील प्रधान

इलियड व ओडिसी ही ग्रीक महाकाव्ये कोणी रचली, हा प्रश्न विद्वानांस दीर्घकाळ छळीत आला आहे. होमर नावाचा एक अंध कवी होऊन गेला, ही आख्यायिका सर्वश्रुत आहे. परंतु १७९५ साली फ्रीड्रिख वोल्फ या जर्मन पंडिताने शंका काढली की, लेखनाचा प्रचार नसता इतके दीर्घ काव्य एका पुरुषाने रचावे कसे आणि राखावे कसे? तेव्हापासून शतकाहून अधिक काळ वाद माजला. एका पक्षाने काव्याचे तुकडे पाडून जुने कोणते व नवे कोणते हे ठरविले. दुसऱ्याने ते एकाच प्रतिभेचे फळ म्हणून उचलून धरले. मात्र दोन्ही पक्ष पोथीकडे पाहत होते. गाणाऱ्याकडे कोणी पाहत नव्हते.

ती दृष्टी मिल्मन पॅरी या अमेरिकन तरुणाने दिली. ‘चपळ पायांचा अकिलीज’ अशी ठरीव विशेषणे होमर पुनःपुन्हा का योजितो, याचे उत्तर त्याने १९२८ साली पॅरिस येथे सादर केलेल्या प्रबंधांत दिले. वृत्तात जेवढी जागा उरते तेवढ्या मापाची शब्दयोजना गायकाच्या जिव्हाग्री तयार असते. ओळ जुळविण्यास त्यास थांबावे लागत नाही. आपल्याकडे जात्यावरची ओवी याच रीतीची आहे. ओवीचा साचा ठरलेला. भावाचे, गावाचे, देवाचे नाव जिचे तिने घालावयाचे. पुढे १९३३ ते १९३५ या काळात पॅरीने युगोस्लाव्हियात जाऊन तेथील गायकांची गाणी ॲल्युमिनियमच्या तबकड्यांवर उतरविली. अव्दो मेजेदोविच नामक एका निरक्षर शेतकऱ्याने त्याच्यासमोर बारा हजारांहून अधिक ओळींचे एक काव्य गायिले. त्याच अव्दोने दुसऱ्या गायकाचे सुमारे २३०० ओळींचे, पूर्वी कधी न ऐकलेले गाणे एकवार ऐकले आणि लागलीच गाऊन दाखविले. तेव्हा त्याच्या मुखी ते ६३०० ओळींचे झाले. पॅरी १९३५ सालीच अल्पवयात वारला. त्याचा शिष्य आल्बर्ट लॉर्ड याने १९६० साली ग्रंथरूपाने हा सिद्धांत जगापुढे मांडला. तात्पर्य, अशा परंपरेत गाणे म्हणजे पाठ केलेली संहिता नव्हे. प्रत्येक गायन ही नवी रचनाच होय.

आता वाचकांनी आपल्या नागपुराकडे वळावे. पॅरीच्या पाऊणशे वर्षे आधी या शहरी असेच एक कार्य घडले होते. स्कॉटलंडच्या फ्री चर्चचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप १८४५ साली येथे आले. त्यांनी शाळा काढली, भूगर्भाचा अभ्यास केला आणि गोंड लोकांची भाषा व चालीरीती यांची टिपणे केली. १८६३ च्या सप्टेंबरात टाकळघाटची प्राचीन शिलावर्तुळे पाहावयास गेले असता नाल्याच्या पुरात त्यांचा अंत झाला. मध्यप्रांताचे चीफ कमिशनर रिचर्ड टेंपल यांनी ती टिपणे १८६६ साली छापविली. त्यांत प्रधानाच्या मुखातून उतरवून घेतलेले लिंगोचे गीत आहे. महादेवाने गोंडांस गुहेत कोंडले; फुलातून जन्मलेला लिंगो भावांच्या हातून मारला गेला, पुन्हा जिवंत झाला आणि त्याने आपल्या लोकांस सोडवून त्यांची गोत्रव्यवस्था लावून दिली, असे ते कथानक आहे. यास महाकाव्य न म्हणावे तर दुसरे काय म्हणावे?

हे प्रधान म्हणजे गोंडांचे परंपरागत गायक. गोंड घराण्यांशी त्यांचा यजमानकीचा संबंध असून किंगरीच्या साथीने ते देवांची व कुळांची गाथा गातात. १९४८ साली आदिलाबादच्या राजगोंडांवर ग्रंथ लिहिणाऱ्या फ्यूरर-हायमेनडॉर्फ यांनी एक मार्मिक गोष्ट नोंदविली आहे. तेथील प्रधान घरी मराठी बोलत, परंतु गाथा गात ती गोंडीत. होमरची भाषाही अशीच होती. आयोनियन व इओलियन बोलींची ती मिसळण कोणत्याही ग्रीक घरात बोलली जात नव्हती. ती केवळ गाण्याची भाषा होती. हे साम्य पाहण्यास आपणांस अथेन्सला जावे लागत नाही. चांदा व यवतमाळच्या सीमेपलीकडे गेले तरी पुरते.

येथे कोणी म्हणेल की, लिंगोची कथा जागोजाग निराळी आढळते. मग खरा पाठ कोणता? आमचे उत्तर असे की, हा प्रश्नच पोथीवाल्यांचा आहे. गोंदिया जिल्ह्यातील कचारगड येथे माघ पौर्णिमेस गोंड समाजाची मोठी यात्रा भरते. तेथे आज सांगितल्या जाणाऱ्या कथेत हिरासुका पाटालीर या वादकाने किंगरीच्या स्वरांनी बळ देऊन गुहेची शिळा ढकलविली व तो स्वतः तिच्याखाली सापडून मेला. हिस्लॉप यांच्या पाठात सोडविणारा लिंगो. येथे वादकाचाही त्यात वाटा आहे. ज्या परंपरेचा रक्षक गायक, तिने मुक्तीचे श्रेय वाद्यास द्यावे, यात अशुद्ध ते काय? दोन्ही कथने आपापल्या ठिकाणी खरी आहेत. चूक घडते ती एकास प्रमाण मानून दुसऱ्यास भ्रष्ट ठरविण्यात. कॅप्टन फोर्सिथ यांनी १८७१ च्या आपल्या ग्रंथात हे गीत लाँगफेलोच्या ‘हायावाथा’च्या चालीवर इंग्रजीत बसविले. ते वाचावयास गोड आहे. परंतु त्यात प्रधानाचा श्वास कितीसा उरला असेल, हे सुज्ञांस सांगणे नलगे.

म्हणून आमचे म्हणणे स्पष्ट आहे. हिस्लॉप यांच्या श्रमाचे मोल आम्ही जाणतो. ते नसते तर दीडशे वर्षांपूर्वीचे हे गायन आज वाचावयास मिळते ना. परंतु संग्राहकाचे नाव नागपुरात घरोघरी ठाऊक आहे आणि गाणाऱ्याचे नाव कोणाच्याही ओठी नाही, ही गोष्ट न्यायाची नव्हे. यापुढे जो कोणी असे गीत उतरवील त्याने प्रथम गायकाची अनुमती घ्यावी व त्याचे नाव, गाव आणि प्रसंग लिहावा. एकदा ऐकून थांबू नये. तेच गीत दुसऱ्या वेळी व दुसऱ्या मुखातूनही घ्यावे. भाषांतर मागाहून करावे. आधी गोंडी शब्द जसेच्या तसे राखावे आणि ध्वनिमुद्रणाची एक प्रत त्या गावी ठेवावी.

२०११ च्या जनगणनेत गोंडी ही मातृभाषा सांगणारे सुमारे तीस लक्ष लोक होते. संख्या लहान नाही. परंतु भाषा घरात बोलली जाते म्हणून तिची गाथा जगतेच असे नाही. गाथा जगण्यास गायक लागतो, त्यास बोलाविणारा यजमान लागतो आणि रात्रभर ऐकणारी मंडळी लागते. यांपैकी एक तुटला की सारे तुटते. ग्रीसमध्ये ते तुटण्यापूर्वी काव्य लेखनात आले, म्हणून इलियडच्या पंधरा हजारांहून अधिक ओळी आज आपल्या हाती आहेत.

विद्यार्थीबंधूंनो, होमर अवश्य वाचा. परंतु आपल्याच बाकावर बसणाऱ्या एखाद्या सोबत्याच्या आजोबांस किंगरी येत असेल, तर ‘हे रानटी गाणे’ असे म्हणून त्यास लाजवू नका. त्याच्यासह त्या वृद्धापुढे बसा आणि ऐका. ज्या जातीच्या गायकांनी होमर घडविला, त्याच जातीचा एक गायक आपल्यापुढे बसला आहे, हे ध्यानी ठेवा.