इब्रानीचे वावडे कशाला?

आमच्या गावात मिलादच्या जलशाला बाहेरगावचे एक वक्ते आले होते. आवाज भारदस्त, तकरीर जोशात, मध्ये मध्ये इब्रानीचे दोन-चार शब्द. लोक 'सुभानल्लाह' म्हणत होते. जलसा संपल्यावर सोळा पानांचे एक चोपडे वाटण्यात आले. त्यात लिहिले होते की यहुद्यांच्या धर्मग्रंथात, 'गीतरत्न' नावाच्या पुस्तकाच्या पाचव्या अध्यायात, सोळाव्या वचनात आपल्या पैगंबरांचे (स.) नाव जसेच्या तसे आले आहे. शब्द 'महमद्दीम'. शेवटचा 'ईम' हा आदरार्थी, तो काढा की नाव हाती येते. आम्ही त्या वेळी दहावीला उर्दू शिकवत होतो. आम्हीच त्या चोपड्याच्या वीस प्रती वर्गात वाटल्या. हे आधीच कबूल केलेले बरे.

त्यातला एक मुलगा पुढे अकरावीला पुण्याला गेला. वसतिगृहात त्याने हा पुरावा मोठ्या अभिमानाने मांडला. खोलीत एका पाद्र्याचा मुलगा होता. त्याने वाद घातला नाही. रविवारी घरून इब्रानीचा कोश आणला, शब्द काढून दाखवला आणि म्हणाला, "आता तू वाच." आमच्या पोराला एक अक्षर वाचता येईना. रात्री त्याचा फोन आला. "सर, आपण स्वतः हे वाचलं होतं का?" आम्ही गप्प राहिलो.

तेव्हापासून आम्ही इब्रानीचे, म्हणजे हिब्रूचे, व्याकरण शिकू लागलो. फजरनंतर पाऊण तास, इंग्रजीतले एक जुने पुस्तक घेऊन. पंडित झालो नाही. पण एवढे कळले की आमच्याकडे इब्रानीबद्दल बोलणारे दोनच प्रकारचे लोक आहेत. एक म्हणतात, ती दुश्मनांची जबान, तिला हात लावू नका. दुसरे तिला हात न लावताच तिच्यातून पुरावे काढतात. दोघांचाही अभ्यास सारखाच, म्हणजे शून्य.

आधी त्या शब्दाचे बघू. 'महमाद' हे नाम, धातू ह-म-द. अरबीत या धातूचा अर्थ स्तुती; त्यावरूनच हम्द, अहमद, मुहम्मद. इब्रानीत मात्र अर्थ आहे इच्छा, हव्यास, हवीहवीशी वस्तू. हजरत मूसांच्या दहा आज्ञांतली शेवटची, शेजाऱ्याच्या घराचा लोभ धरू नको, ही याच धातूच्या क्रियापदाने सुरू होते. अरबी अर्थ तिथे लावला तर शेजाऱ्याच्या घराची तारीफ करणे हराम ठरेल! हाच 'महमाद' शब्द यहेज्केलच्या चोविसाव्या अध्यायात आहे. तिथे तो त्या नबीच्या बायकोसाठी आला आहे, जी लवकरच मरणार आहे. विलापगीताच्या पहिल्या अध्यायात उपाशी लोक भाकरीसाठी आपले 'महमाद', म्हणजे मौल्यवान चीजवस्तू, देऊन टाकतात. आता बोला, ते नाव या ठिकाणी वाचायचे का? नसेल वाचायचे तर 'गीतरत्ना'तच का? चोपडे लिहिणाऱ्याला ही ठिकाणे ठाऊक नव्हती, की ठाऊक असून त्याने लपवली? पहिले अज्ञान, दुसरी बेइमानी. पैगंबरांच्या (स.) नावावर दोन्ही शोभत नाहीत.

राहिला 'ईम'. हा साधा अनेकवचनाचा प्रत्यय, अरबीतल्या 'मुस्लिमीन', 'मोमिनीन'मधल्या 'ईन'चा भाऊ. देवासाठी येणारा 'एलोहीम' हा शब्द रूपाने अनेकवचनी आणि अर्थाने एकवचनी आहे, हे खरे. पण ते ओळखायचे कसे? उत्पत्तीच्या पहिल्याच वाक्यात त्याचे क्रियापद एकवचनी आहे, त्यावरून. आदर वाक्यातून सिद्ध व्हावा लागतो, आपल्या मर्जीने चिकटवता येत नाही. 'गीतरत्ना'च्या त्याच वचनात आधीच्या अर्ध्या भागात प्रियकराच्या मुखासाठी 'गोडवा' या अर्थाचा शब्द आहे, तोही 'ईम' लावलेला. म्हणजे तिथे गोडव्यालाही आदर द्यायचा का? आणि 'महमद्दीम'च्या आधी 'कुल्लो' आहे. अरबी शिकलेल्या पोराला सांगावे लागत नाही, हा आपला 'कुल्लुहू'. तो सगळाच्या सगळा मोहक आहे, असे ती बाई आपल्या प्रियकराबद्दल सांगते. विशेषनाम त्या वाक्यात बसतच नाही.

एका गोष्टीची गंमत वाटते. याच 'एलोहीम'च्या अनेकवचनातून काही पाद्री त्रैक्य सिद्ध करायला निघतात, तेव्हा आमचे वक्ते हसतात आणि एकवचनी क्रियापदाकडे बोट दाखवतात. त्या वेळी व्याकरण बरोबर आठवते!

आता पहिल्या मंडळींकडे वळू, 'दुश्मनांची जबान'वाल्यांकडे. आमच्याच स्टाफरूममध्ये एका ज्येष्ठ सहकाऱ्याने टेबलावरचे पुस्तक उलटे करून ठेवले आणि विचारले, "काय मास्तर, इस्रायलला नोकरी लागली काय?" सगळे हसले. आम्हीही हसलो. पण घरी येताना ते हसणे टोचत राहिले. २०२३पासून गाझात जे घडले ते पाहून आमचेही काळीज जळते. पण तीन हजार वर्षांच्या भाषेला १९४८ साली स्थापन झालेल्या राज्याच्या खात्यावर जमा करायचे, हा कुठला हिशेब? त्याच फलस्तीनात, नाब्लुसजवळच्या गरिझीम डोंगरावर सामरी लोक राहतात. घरात अरबी बोलतात आणि तौरात प्राचीन इब्रानी लिपीत वाचतात. त्यांना कुठल्या बाजूला ढकलणार?

आणि जैद बिन साबित (रजि.) यांचे काय करणार? हदीसच्या ग्रंथांत आहे की पैगंबरांनी (स.) त्यांना यहुद्यांची लिपी शिकायला सांगितले आणि तिरमिजीतल्या रिवायतीप्रमाणे त्यांनी ती पंधरा दिवसांत शिकून घेतली. कारणही व्यवहाराचे होते: यहुद्यांशी चालणारा पत्रव्यवहार दुसऱ्याच्या भरवशावर नको. आमचा मात्र सगळा कारभार दुसऱ्याच्या भरवशावर. पाद्र्याचा मुलगा वाचून दाखवील तेव्हा आम्हाला कळणार.

पण आम्हाला सर्वांत जास्त लाज वाटली ती इब्रानी व्याकरणाचा इतिहास वाचताना. ते व्याकरण उभे राहिले कुठे? अरबी भाषेत, मुसलमानी राज्यांत. सीबवैह आणि खलील यांनी अरबीचे व्याकरण बांधले आठव्या शतकात. ते पाहून यहुदी विद्वानांना वाटले की आपल्या ग्रंथाच्या भाषेचेही असे शास्त्र पाहिजे. आजच्या अल्जीरियातल्या ताहर्तच्या यहूदा इब्न कुरैशने फासच्या यहुद्यांना एक 'रिसाला' लिहिला. त्यात इब्रानी, आरामी आणि अरबी या भाषांचे शब्द शेजारी शेजारी ठेवून तुलना केली. नंतर दहाव्या शतकात कुर्तुब्याला हय्यूज झाला. त्याच्या आधी इब्रानीत दोन अक्षरांचे, कधी एकाच अक्षराचे धातू मानत असत, कारण काही रूपांत एक अक्षर दिसतच नाही. आमच्या मदरशातल्या पोराला विचारा, 'काला'चा धातू काय? तो झोपेतही सांगेल: काफ, वाव, लाम, मधला वाव अलिफ झाला. हेच हय्यूजने इब्रानीला लावले. इब्रानीत 'काम' म्हणजे उठला. त्यातला लपलेला वाव त्याने शोधून काढला आणि प्रत्येक धातूत तीन अक्षरे असतात हे दाखवले. अजवफ, नाकिस, मिसाल हे आम्ही जे रट्टा मारून शिकलो, तेच त्याचे हत्यार होते. क्रियापदाच्या रूपांना नावे देण्यासाठी नमुना म्हणून घेतलेली अक्षरेही तीच: फे, ऐन, लाम. इब्रानीत 'निफअल', 'हिफईल'. आपल्याकडे 'इन्फिआल', 'इफआल'.

त्याच्या पाठोपाठ इब्न जनाह. सरकुस्ताचा हकीम. त्याने 'किताबुल लुमा' हे व्याकरण लिहिले आणि 'किताबुल उसूल' हा कोश. दोन्ही अरबीत. तौरातचा अवघड शब्द उलगडायला तो अरबीचा आधार घेई, म्हणून त्याचेच धर्मबांधव त्याच्यावर नाक मुरडत. त्यांना त्याने प्रस्तावनेतच खडे उत्तर दिले आहे. म्हणजे हजार वर्षांपूर्वी एका यहुद्याला ऐकावे लागत होते की मुसलमानांच्या भाषेने आपला ग्रंथ कशाला वाचतोस. आणि आज आम्हाला ऐकावे लागते की यहुद्यांची भाषा कशाला शिकतोस. माणसे बदलली, टोमणा तोच.

११७१ साली यहूदा इब्न तिब्बोनने 'लुमा'चे इब्रानीत भाषांतर केले. पुढे किम्हीच्या हातून ही विद्या युरोपात गेली आणि १५०६ साली रॉइखलिनने लॅटिनमध्ये व्याकरण छापले. आजही इब्रानीचा मोठा कोश उघडा, धातूशेजारी अरबी शब्द दिलेला सापडतो. तो अरबी शब्द वाचता यावा म्हणून परदेशातले विद्यार्थी वर्षे घालवतात. आमच्या पोरांना तो लहानपणापासून वाचता येतो आणि आम्ही त्यांना सांगतो, उघडू नका.

उर्दू-अरबीवाल्याला ही भाषा किती जवळची आहे, हे वर्गातला मास्तर म्हणूनच सांगतो. आमची पोरे वहीच्या कोपऱ्यात ७८६ लिहितात. ते आकडे 'अबजद'च्या हिशेबाचे. अबजद, हव्वज, हुत्ती, कलमन, सअफस, करशत ही बावीस अक्षरे इब्रानीच्या बावीस अक्षरांच्या क्रमाने आहेत आणि त्यांच्या किमतीही त्याच, अलिफ एक ते ते चारशे. उरलेली सहा अरबीने मागून जोडली. सलाम–शालोम, लिसान–लाशोन, सबअ–शेवा: अरबीत 'सीन' तिथे बहुधा इब्रानीत 'शीन'. जहब म्हणजे सोने, इब्रानीत जाहाव. अरब इथे जाल आणि झे वेगळे काढतो. आम्ही उर्दूवाले दोन्ही एकच करून टाकतो. म्हणजे आमची चूक इथे कामाला येते!

पण याच ठिकाणी सांभाळावेही लागते. बडी 'हे' आणि 'खे' या दोघांना इब्रानीत एकच अक्षर आहे. 'ऐन' आणि 'गैन'चेही तसेच. आणि सख्ख्या शब्दांचेही अर्थ वाटेत बदलतात. अरबीत 'लहम' म्हणजे गोश्त, इब्रानीत 'लेहेम' म्हणजे रोटी. उच्चार जुळला म्हणून अर्थ जुळला असे मानणारा माणूस भाकरीच्या दुकानात जाऊन खिमा मागेल. चोपडेवाल्याने दुसरे काय केले?

तहरीफचा प्रश्नही असाच. तौरातमध्ये फेरफार झाले, हे आम्ही व्यासपीठावरून रोज सांगतो. कुठे, कोणत्या शब्दात, हे विचारले की आवाज चढतो. त्या ग्रंथात मुळात फक्त व्यंजने होती. स्वरचिन्हे तिबेरियाच्या विद्वानांनी नंतर लावली. काही ठिकाणी लिहिलेले एक आणि वाचायचे दुसरे, अशी नोंद त्यांनी समासात प्रामाणिकपणे करून ठेवली आहे. १००८च्या सुमारास काहिऱ्यात लिहिलेली संपूर्ण प्रत आज उपलब्ध आहे. १९४७पासून मृत समुद्राकाठच्या गुहांत तिच्याहून हजार वर्षे जुन्या गुंडाळ्या सापडल्या. त्यांतला यशया बराचसा आजच्यासारखाच. यिर्मयाच्या काही तुकड्यांत मात्र मजकूर आखूड आणि वेगळ्या क्रमाने. म्हणजे बोलायला खरा मसाला आहे, आणि तो आमच्या बाजूनेही आहे आणि आमच्या विरुद्धही. पण तो वाचणार कोण?

आमच्यात असे लोक झालेच नाहीत असे नाही. सर सय्यदांनी १८६२ साली 'तबईनुल कलाम' छापायला घेतले, तेव्हा इब्रानीचे खिळे मिळवले. मौलाना हमीदुद्दीन फराही अलीगढला जर्मन यहुदी प्राध्यापक होरोविट्झ यांच्याकडे इब्रानी शिकले आणि त्यातून कुरबानीच्या प्रश्नावर, हजरत इस्माईल की हजरत इसहाक यावर, लिहिले. फराहींशी कोणी असहमत होऊ शकतो, पण उत्तर देण्यासाठी त्यालाही इब्रानी लागेल. या दोघांची नावे आमच्या उर्दू शाळांत घेतली जातात. सर सय्यद म्हटले की दाढी आणि कॉलेज, एवढेच पोरांना ठाऊक.

आणि मराठीचे म्हणाल तर ही भाषा कोकणच्या मातीला परकी नाही. शनिवार तेली, म्हणजे बेने इस्रायल, आमच्याच गावांत घाणा चालवत होते, आमच्यासारखीच मराठी बोलत होते. अलिबागेत इस्रायल आळी आजही आहे. त्यांच्यासाठी जॉन विल्सन या पाद्र्याने १८३२ साली मराठीतून इब्रानीचे प्राथमिक व्याकरण छापले. हेतू मिशनरी होता, पण पुस्तक मराठीत झाले. पुढे त्यांच्यातल्याच जोसेफ इझिकिएल राजपूरकर या शिक्षकाने इब्रानी प्रार्थना मराठीत आणल्या. अरबी जाणणाऱ्या मराठी मुसलमानाने लिहिलेले इब्रानीचे पुस्तक मात्र आम्हाला शोधूनही सापडले नाही.

गेल्या वर्षी मोकळ्या तासाला आम्ही नववीच्या फळ्यावर बावीस अक्षरे लिहिली, शेजारी अबजद. पोरे खूश. तिसऱ्या दिवशी दोन पालक आले. वरून निरोप आला, फळा पुसा. आम्ही पुसला. नोकरी आहे, घर आहे.

पुण्याचा तो मुलगा ईदला घरी आला होता. शिरखुर्मा पिऊन झाल्यावर म्हणाला, "सर, ते चोपडं आणखी कुणाकुणाला दिलं होतं?" यादी आमच्याकडे होती. वीसपैकी अकरा जणांना आम्ही भेटून आलो, 'महमाद'चा अर्थ सांगून आलो. दोघांनी ऐकून घेतले नाही. एकाच्या वडिलांनी दारातूनच परत पाठवले. नऊ अजून बाकी आहेत.